कानुते अठ्ठाविसाव्या वर्षी बहरला, तोवर तो काय करत होता?

एका पालकांनी मला दोन प्रश्न विचारले आहेत. त्यांचा सतरा वर्षांचा मुलगा सेंटर फॉरवर्ड खेळतो. उंच आहे, चेंडू पायात उत्तम थांबवतो, परंतु हंगामाअखेर त्याच्या नावावर गोल मोजकेच दिसतात. मी त्याला मालीच्या फ्रेडरिक कानुतेचे सामने पाहण्यास सांगितले होते. वडिलांनी घरी आकडे काढून पाहिले, तेव्हा इंग्लंडच्या टॉटनहॅम क्लबसाठी ६० लीग सामन्यांत १४ गोल असा हिशेब त्यांच्यापुढे आला, आणि स्ट्रायकरसाठी हे उदाहरण म्हणून कसे द्यावे, असा रास्त प्रश्न त्यांना पडला. दुसरा प्रश्न असा की हा खेळाडू फ्रान्समध्ये जन्मला, तिथेच घडला आणि फ्रान्सच्या २१ वर्षांखालील संघाकडून खेळलाही, तर त्याला मालीचा का म्हणायचे? मी बरीच वर्षे फॉरवर्ड खेळाडूंनाच शिकवत आलो आहे आणि कानुते हा माझा जुना आवडता विषय आहे, त्यामुळे उत्तर लांबले तर समजून घ्यावे.

आधी त्या १४ गोलांविषयी. त्याच माणसाने पुढे स्पेनच्या सेव्हिया क्लबसाठी लीगच्या २०९ सामन्यांत ८९ गोल केले आणि सर्व स्पर्धा धरल्या तर १३६. तो सेव्हियाला गेला तेव्हा अठ्ठावीस वर्षांचा होत आला होता. त्या वयात कोणी चेंडू थांबवायला नव्याने शिकत नाही आणि पायातला वेगही वाढत नाही. म्हणजे जे काही बदलले ते मुख्यतः त्याच्या आजूबाजूचे होते. माझ्या मते त्याच्या साऱ्या कारकिर्दीची गुरुकिल्ली इथे आहे. कानुते हा इतरांसाठी जागा उघडणारा फॉरवर्ड होता. ती उघडलेली जागा वापरणारी माणसे ज्या संघात होती, त्या संघात त्याचे स्वतःचे गोलही वाढले. जिथे तशी माणसे नव्हती, तिथे तो चेंडू धरून उभा राहिला आणि प्रेक्षक त्याला आळशी म्हणत राहिले.

त्याचा जन्म २ सप्टेंबर १९७७ रोजी लिऑनजवळच्या सेंत-फोआ-ले-लिऑन येथे झाला. वडील मालीचे, आई फ्रेंच. लिऑनच्याच क्लबमध्ये तो घडला आणि १९९७ पासून पहिल्या संघात दिसू लागला. तिथे लीगच्या ४० सामन्यांत त्याने ९ गोल केले. १९९९ मध्ये लिऑनने बार्सिलोनाकडून सोनी अँडरसनला आणले, तेव्हा पुढच्या रांगेत तरुण कानुतेसाठी फारशी जागा उरली नाही, हे सांगायला प्रशिक्षक असण्याची गरज नाही. मार्च २००० मध्ये तो आधी उसन्या कराराने आणि मग कायमचा लंडनच्या वेस्ट हॅमकडे गेला.

वेस्ट हॅमकडून त्याने ८४ लीग सामन्यांत २९ गोल केले. हा आकडा चांगला आहे, पण त्या काळातला त्याचा जो क्षण मी मुलांना आवर्जून दाखवतो, त्यात गोल त्याच्या नावावर नाही. २८ जानेवारी २००१, इंग्लंडच्या एफए कपची चौथी फेरी, ओल्ड ट्रॅफर्डवर मँचेस्टर युनायटेडविरुद्धचा सामना. शेवटची पंधरा मिनिटे उरली आहेत आणि गोलफलक कोरा आहे. कानुतेकडे चेंडू येतो. तो लगेच पास देत नाही. अर्धा क्षण थांबतो, समोरच्या डिफेंडरांना आपल्याकडे बघायला लावतो आणि मग त्यांच्या मधल्या फटीतून चेंडू साथीदार पाओलो दी कानियोच्या वाटेत सरकवतो. गोलरक्षक फाबियन बार्थेझ ऑफसाइडची दाद मागत हात वर करून उभा राहतो, जणू खेळ थांबलाच आहे. दी कानियो त्या वर केलेल्या हाताकडे न बघता चेंडू जाळ्यात घालतो. १-०, आणि सामना तिथेच संपतो. आजही लोकांच्या आठवणीत बार्थेझचा हात आहे आणि दी कानियोचा थंडपणा आहे, पास मात्र विस्मरणात गेला. मला विचाराल तर त्या चढाईतली सर्वांत अवघड गोष्ट तो अर्धा क्षण थांबणे हीच होती. घाईत दिलेला पास डिफेंडरच्या पायाला लागला असता, उशिरा दिला असता तर दी कानियो ऑफसाइड झाला असता.

त्यानंतरचा काळ मात्र त्याला सुखाचा गेला नाही. २००२-०३ च्या हंगामात तो दुखापतींमुळे बराच वेळ मैदानाबाहेर होता. वेस्ट हॅम ४२ गुण मिळवूनही खालच्या श्रेणीत घसरला. ऑगस्ट २००३ मध्ये तो टॉटनहॅमकडे गेला. आता ज्या आकड्याने हा प्रश्न उभा राहिला, त्याची पार्श्वभूमी पाहा. तिथल्या दोन वर्षांत त्याला ग्लेन हॉडल, डेव्हिड प्लीट, जाक सांतिनी आणि मार्टिन योल असे चार प्रशिक्षक मिळाले. जोडीला कधी रॉबी कीन, कधी पोस्तिगा, २००४ पासून जर्मेन डिफो, पुढे मिडो. कोणती जोडी पक्की, हेच ठरेना. प्रत्येक नवा प्रशिक्षक उंच माणूस दिसला की त्याच्या डोक्यावर लांब चेंडू टाकायला सांगतो. आपल्याकडेही हेच होते. मुलगा सहा फुटी निघाला की त्याला गोलासमोर खांबासारखा उभा करतात आणि मग हा हलत नाही म्हणून रागावतात. कानुते १.९२ मीटर उंच होता, पण त्याची खरी ताकद पायात होती. चेंडू त्याच्या पायाशी आला की तो शांत होई. डोक्यावर आला तर तो इतर कोणत्याही उंच खेळाडूसारखाच एक.

याच काळात देशाचा प्रश्न आला, म्हणून पालकांच्या दुसऱ्या प्रश्नाकडे इथेच वळतो.

फिफाच्या जुन्या नियमानुसार एका देशाच्या वयोगटातील संघाकडून अधिकृत सामने खेळलेल्या खेळाडूला पुढे दुसऱ्या देशाकडून खेळणे जवळजवळ अशक्य होते. २००३ च्या अखेरीस हा नियम सैल झाला आणि जानेवारी २००४ पासून, दोन्ही देशांचे नागरिकत्व असलेल्या व मुख्य राष्ट्रीय संघाकडून अजून न खेळलेल्या खेळाडूला एकदाच देश बदलण्याची मुभा मिळाली. त्यासाठी वयाची अटही होती, पण वय उलटून गेलेल्यांसाठी सुरुवातीला काही काळाची सवलत ठेवली होती आणि कानुते त्या सवलतीत बसला. हीच वयाची अट २००९ मध्ये पूर्णपणे काढून टाकण्यात आली. आज आफ्रिकेच्या अनेक राष्ट्रीय संघांत फ्रान्स, बेल्जियम, नेदरलँड्समध्ये जन्मलेले खेळाडू सर्रास दिसतात. ज्यांनी तो दरवाजा उघडल्या उघडल्या आत पाऊल टाकले, त्या पहिल्या ठळक नावांपैकी कानुते एक आहे.

टॉटनहॅमला हे मुळीच रुचले नव्हते. फ्रान्सच्या वयोगटात खेळलेला खेळाडू आफ्रिकन नेशन्स कपसाठी जानेवारीत निघून जाणार नाही, अशा हिशेबाने त्यांनी त्याला घेतले होते. जानेवारीच्या सुरुवातीला एफए कपमध्ये क्रिस्टल पॅलेसविरुद्ध त्याने तीन गोल केले आणि त्याच महिन्यात तो ट्युनिशियाला रवाना झाला. तिथे त्याने केनियाविरुद्ध दोन, बुर्किना फासोविरुद्ध एक आणि उपांत्यपूर्व फेरीत गिनीविरुद्ध एक असे चार गोल केले. गिनी आघाडीवर असताना मध्यंतराच्या तोंडावर त्याने बरोबरी साधली आणि अखेरच्या क्षणी महमदू दियाराने विजयी गोल केला. उपांत्य सामन्यात मोरोक्कोने मालीला ४-० असे धुतले, तिसऱ्या स्थानासाठीच्या सामन्यात नायजेरियाकडून २-१ अशी हार झाली. माली चौथा आला, आणि स्पर्धेतील सर्वाधिक गोल करणाऱ्यांच्या यादीत कानुते इतर काही जणांसह संयुक्तपणे पहिला. आपल्या पायावर कोणी संघ उभा करतो आहे, हा अनुभव त्याला त्या महिन्यात मिळाला असावा, असे मला वाटते.

तेव्हा तो मालीचा का? कारण त्याने तशी निवड केली आणि नियमाने ती मान्य केली. वडिलांचा देश हा आपल्याला कागदावरचा मुद्दा वाटतो. कानुतेने मात्र पुढे स्वतःच्या नावाची संस्था काढली आणि मालीची राजधानी बामाकोजवळ अनाथ मुलांसाठी साकिना नावाचे बालग्राम उभे केले. ज्याला फक्त राष्ट्रीय संघाची जर्सी हवी असते, तो इतका मागे जात नाही. आपल्या वाचकांना हा प्रश्न वेगळ्या कारणाने परिचित असेल. भारतीय कायद्यात दुहेरी नागरिकत्व नाही, त्यामुळे पुणे एफसीकडून खेळलेल्या इझुमी अराताला भारताकडून खेळण्यासाठी जपानी नागरिकत्व सोडावे लागले आणि मगच २०१३ मध्ये त्याला भारताची जर्सी मिळाली. कानुतेपुढे असा पेच नव्हता. दोन्ही घरे त्याचीच राहिली.

मालीच्या बाजूने पाहिले तर ही निवड आणखी मोठी दिसते. या देशाने फुटबॉलला पहिला आफ्रिकन ‘वर्षातील सर्वोत्तम खेळाडू’ दिला. तो मान १९७० मध्ये सालिफ केइताला मिळाला. हा केइता १९६७ मध्ये मालीहून पॅरिसला उतरला, विमानतळावर घ्यायला कोणी भेटले नाही, तेव्हा त्याने सरळ टॅक्सी केली आणि सुमारे पाचशे किलोमीटरवरच्या सेंत-एतिएनला जाऊन पोहोचला. भाडे क्लबने भरले. त्याने त्या क्लबकडून लीगच्या १४९ सामन्यांत १२५ गोल केले आणि १९७०-७१ च्या एकाच हंगामात ४२ गोल करूनही तो गोलांच्या यादीत दुसरा आला, कारण मार्सेच्या योसिप स्कोब्लारने ४४ केले होते. १९७२ मध्ये माली आफ्रिकन नेशन्स कपच्या अंतिम सामन्यात पोहोचला, पण काँगोकडून ३-२ असा हरला. त्यानंतर कितीतरी वर्षे मालीने मध्यक्षेत्रातले एकाहून एक खेळाडू दिले, महमदू दियारा आणि सालिफचा पुतण्या सेदू केइता हे त्यांतले आपल्याला ठाऊक असलेले. पण सालिफच्या तोडीचा फॉरवर्ड काही मिळाला नव्हता. कानुते त्या रिकाम्या जागेवर आला.

आता सेव्हिया. इथे थोडे सावकाश जाऊ, कारण पालकांच्या मुलाला उपयोगी पडेल असे सगळे इथेच आहे.

२००५ च्या उन्हाळ्यात सेव्हियाने ज्युलिओ बॅप्टिस्टा आणि सेर्जिओ रामोस या दोघांना रेआल माद्रिदला विकले. आलेल्या पैशातून संघ नव्याने बांधायचा होता. क्रीडासंचालक मोंची यांनी त्या उन्हाळ्यात पुढच्या फळीसाठी लुईस फाबियानो आणि कानुते आणले, हावियर साव्हिओला बार्सिलोनाकडून उसना आला. प्रशिक्षक हुआंदे रामोस. उजव्या बाजूला जेसुस नावास हा किशोरवयातून नुकताच बाहेर पडत असलेला विंगर आणि त्याच्या मागून सतत धावणारा राइट-बॅक, म्हणजे उजव्या कडेचा बचावपटू, दानी आल्वेस, डावीकडे आद्रियानो आणि आंतोनियो पुएर्ता. संघाची रचना ढोबळमानाने ४-४-२.

हा संघ कसा चालत असे ते एकाच चढाईवरून सांगतो. नावास टचलाइनला चिकटून उभा राहतो. आल्वेस त्याच्या बाहेरून किंवा आतून वर येतो. प्रतिस्पर्ध्याचा लेफ्ट-बॅक दोघांच्या मध्ये अडकतो, म्हणून त्या बाजूचा सेंटर-बॅक, म्हणजे मधला बचावपटू, मदतीसाठी एक-दोन पावले बाहेर सरकतो. नेमक्या त्या वेळी कानुते गोलाकडे न जाता उलट दहा-बारा मीटर मागे येतो आणि चेंडू पायात मागतो. आता दुसऱ्या सेंटर-बॅकपुढे खरा पेच आहे. तो कानुतेच्या मागे आला तर त्याने सोडलेल्या जागेत लुईस फाबियानो धावतो. तो जागेवर थांबला तर कानुतेला वळायला वेळ मिळतो, आणि वळलेला कानुते म्हणजे ओल्ड ट्रॅफर्डचा तो पास. चेंडू एकदा बाजूला नावासकडे गेला की फाबियानो पहिल्या खांबाकडे जोरात पळतो, डिफेंडर त्याच्याबरोबर ओढले जातात, आणि मागे राहिलेला कानुते एका श्वासाच्या अंतराने पेनल्टीच्या खुणेजवळ किंवा दूरच्या खांबाकडे पोहोचतो. तिथे त्याला सांभाळायला बहुधा कोणीच नसते.

म्हणून मी म्हणतो की त्याचे गोल त्याच्या उशिरा पोहोचण्यातून आले. उशिरा पोहोचता यावे म्हणून आधी खाली यावे लागते, आणि खाली यायचे तर चेंडू पायात धरता यावा लागतो, नाहीतर संघ तुम्हाला चेंडू देणारच नाही. त्याची चेंडू घेण्याची पद्धतही पाहण्यासारखी होती. डिफेंडर पाठीशी आहे हे तो हाताने चाचपून घेई, ढकलत नसे. चेंडू जवळच्या पायावर न घेता डिफेंडरपासून दूरच्या पायावर घेई, म्हणजे मध्ये त्याचे संपूर्ण लांबलचक शरीर आडवे येत असे. पहिला स्पर्श मृदू, आणि दुसरा बहुधा पासच. तिसरा स्पर्श तो क्वचित करी. मी मुलांकडून हा सराव भिंतीवर चेंडू मारून आणि पाठीशी साथीदार उभा करून करवून घेतो. पहिल्या महिन्यात सगळे कंटाळतात, कारण यात गोल नाही.

पहिल्या हंगामात लीगमध्ये कानुतेने फार गोल केले नाहीत, हे मुद्दाम नोंदवतो. तरीही १० मे २००६ रोजी आइंडहोव्हन येथे युरोपीय क्लबांच्या युएफा कपच्या अंतिम सामन्यात मध्यंतरानंतर रामोसनी साव्हिओलाला बाहेर काढून त्याला मैदानात उतरवले. मिडल्सब्रोविरुद्ध तेव्हा सेव्हिया एका गोलाने पुढे होता. सामना ४-० ने संपला. एन्झो मारेस्काने दोन गोल केले, त्यातला पहिला कानुतेच्या अडवलेल्या फटक्यावर परत आलेल्या चेंडूवर होता, आणि चौथा गोल अखेरीस कानुतेने स्वतः केला. सेव्हियाचा तो पहिला युरोपीय करंडक. तीन महिन्यांनी मोनाकोत युरोपियन सुपर कपमध्ये त्यांनी बार्सिलोनाला ३-० ने हरवले, त्यातही एक गोल कानुतेचा.

आणि मग २००६-०७. त्या हंगामात स्पॅनिश लीगमध्ये त्याने २१ गोल केले. त्याच्या पुढे होते ते व्हॅन निस्तलरॉय आणि दिएगो मिलितो, बरोबरीला रोनाल्डिनियो. सेव्हिया लीगमध्ये तिसरा आला. १६ मे २००७ रोजी ग्लासगोच्या हॅम्पडेन पार्कवर एस्पान्योलविरुद्ध पुन्हा युएफा कपचा अंतिम सामना झाला. जादा वेळेत नावासने उजवीकडून चेंडू आत टाकला आणि कानुतेने तो जाळ्यात पोहोचवला, वर वर्णन केलेल्या त्या चढाईचाच नमुना. एस्पान्योलने बरोबरी साधली, पण पेनल्टी शूटआउटमध्ये गोलरक्षक पालोपने तीन फटके अडवले. सेव्हियाचा पहिला फटका कानुतेने घेतला होता आणि विजयाचा पुएर्ताने. पुढच्या महिन्यात स्पेनच्या कोपा देल रे या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात खेताफेविरुद्ध एकमेव गोल कानुतेचा, अकराव्या मिनिटाला. त्याच सामन्यात शेवटी त्याला लाल कार्डही मिळाले. इतक्या शांत माणसाचे हे लाल कार्ड मला नेहमी गमतीचे वाटत आले आहे. ऑगस्टमध्ये स्पॅनिश सुपर कपच्या दुसऱ्या सामन्यात सेव्हियाने माद्रिदच्या बर्नाबेऊ मैदानावर रेआल माद्रिदला ५-३ असे हरवले. तीन गोल कानुतेचे, दोन रेनातोचे.

त्या रात्रीनंतर सहा दिवसांनी, २५ ऑगस्टला, खेताफेविरुद्धच्या लीग सामन्यात पुएर्ता मैदानावर कोसळला आणि २८ ऑगस्टला त्याचे निधन झाले. तो बावीस वर्षांचा होता. ऑक्टोबरमध्ये हुआंदे रामोस इंग्लंडला गेले, तेही टॉटनहॅमलाच. ज्या क्लबने कानुतेला सोडले, त्याच क्लबने त्याला घडवणारा प्रशिक्षक नेला, हा योगायोग लिहिताना हसू आल्याशिवाय राहत नाही. त्या पुढच्या हंगामात लुईस फाबियानोने लीगमध्ये २४ गोल केले. वर्तमानपत्रांतून फाबियानोचे कौतुक झाले, ते योग्यच होते. पण मी ते सामने पाहताना चेंडूकडे न बघता मागे येणाऱ्या कानुतेकडे बघत असे, आणि फाबियानोच्या धावेची वाट कोण मोकळी करतो आहे ते अगदी उघड दिसत असे.

१ फेब्रुवारी २००८ रोजी टोगोची राजधानी लोमे येथे त्याला २००७ चा आफ्रिकेतील सर्वोत्तम फुटबॉलपटू म्हणून घोषित करण्यात आले. दिदिए द्रोग्बा दुसरा आणि मायकेल एसियन तिसरा. आफ्रिकेबाहेर जन्मलेल्या खेळाडूला हा मान मिळण्याची ती पहिलीच वेळ होती, आणि मालीकडे तो सालिफ केइतानंतर ३७ वर्षांनी परतला. घोषणेचे ठिकाण लोमे असावे यातही एक कडवट गंमत आहे. अवघ्या चार महिन्यांपूर्वी, ऑक्टोबर २००७ मध्ये, त्याच शहरात मालीने टोगोला २-० ने हरवून नेशन्स कपमधील जागा मिळवली होती, आणि सामना संपताच चिडलेले प्रेक्षक मैदानात घुसून मालीच्या खेळाडूंवर तुटून पडले होते. फुटलेल्या काचेने ममादी सिदिबे या फॉरवर्डच्या हाताला खोल जखमा झाल्या होत्या. त्यात कारकीर्द संपायची ती थोडक्यात बचावली.

मैदानाबाहेरच्या कानुतेविषयी थोडेच लिहितो. त्याने विशीच्या सुमारास इस्लाम स्वीकारला होता. २००६ मध्ये सेव्हियाच्या जर्सीवर एका ऑनलाइन जुगार कंपनीचे नाव आले, तेव्हा त्याने धार्मिक कारणाने ती घालण्यास हरकत घेतली आणि काही काळ बिननावाची जर्सी घातली. २००७ च्या अखेरीस सेव्हियातील मशिदीची जागा विकली जाणार होती, ती त्याने पाच लाख युरोंहून अधिक रक्कम भरून विकत घेतली. जानेवारी २००९ मध्ये देपोर्तिवोविरुद्ध गोल केल्यावर त्याने जर्सी वर करून आतल्या शर्टावरील पॅलेस्टाइनचे नाव दाखवले. पिवळे कार्ड मिळाले आणि ३,००० युरो दंडही झाला. या भूमिकांशी कोणी सहमत असो वा नसो, त्याची किंमत त्याने दर वेळी स्वतःच्या खिशातून दिली, एवढे नोंदवायला हवे.

मालीकडून त्याला करंडक मिळाला नाही. २००६ च्या नेशन्स कपला संघ पात्रच ठरला नाही, तेव्हा त्यांच्या गटातून टोगो पुढे गेला होता. २००८ मध्ये घानात बेनिनविरुद्ध त्याच्या पेनल्टीवर विजय मिळाला, नायजेरियाविरुद्ध बरोबरी झाली, आयव्हरी कोस्टने ३-० ने हरवले आणि गटातच स्पर्धा संपली. दियारा, केइता, कानुते असे तिघे एकाच संघात असूनही हे असे का झाले, यावर मालीत बरेच बोलले गेले. माझे उत्तर साधे आहे: त्या संघात नावास नव्हता. कानुते मागे येऊन चेंडू धरी, पण बाजूने धावणारे कोणी नसल्यामुळे तो पुन्हा मध्यरांगेलाच परत द्यावा लागे. मध्यक्षेत्र जगातले उत्तम आणि पंख नाहीत, अशी त्या संघाची अवस्था होती.

तरीही एक सामना आहेच. १० जानेवारी २०१०, लुआंडा, यजमान अंगोलाविरुद्ध नेशन्स कपचा उद्घाटनाचा सामना. ७९ व्या मिनिटापर्यंत माली ०-४ ने मागे. सेदू केइताने एक गोल केला, तेव्हा कोणी फारसे लक्ष दिले नसेल. ८८ व्या मिनिटाला कानुतेने दुसरा केला. जादा मिळालेल्या मिनिटांत केइताने तिसरा आणि मुस्तफा याताबारेने चौथा. ४-४. एवढे करून माली त्याही वेळी गटातून पुढे गेला नाही. त्या स्पर्धेनंतर कानुते मालीसाठी खेळला नाही.

सेव्हियाबरोबर त्याने २०१० मध्ये आणखी एक कोपा देल रे जिंकला आणि २०१२ मध्ये तो क्लब सोडून बीजिंग गुओआनकडे गेला. तिथे दोन हंगाम खेळून त्याने बूट टांगले.

आता मुलाविषयी. त्याला कानुतेच्या गोलांची संकलित चित्रफीत दाखवू नये, तिच्यात काही शिकण्यासारखे नाही. आइंडहोव्हनच्या २००६ च्या सामन्याचा उत्तरार्ध मिळवावा. कागदावर मैदानाची चौकट काढून द्यावी आणि सुरुवातीची वीस मिनिटे चेंडू कुठेही असला तरी फक्त कानुते कुठे उभा आहे तेवढ्याच खुणा त्याला करायला सांगाव्यात. मग तोच भाग पुन्हा लावून, प्रत्येक खुणेच्या वेळी मिडल्सब्रोचे दोन सेंटर-बॅक कुठे होते ते दुसऱ्या रंगाने. तो कागद घेऊन मुलाला माझ्याकडे पाठवावे. आणि त्याच्या हंगामाचे गोल मोजताना त्याने पास दिल्यानंतर दोन पासांच्या आत पडलेले गोलही एका रकान्यात लिहून ठेवावेत, म्हणजे या हंगामाचा खरा हिशेब समोर येईल. मी त्याचे तीन सामने पाहिले आहेत. माझ्या वहीत त्या रकान्यात पाच आहेत.